सिनेमाच्या सातबाऱ्यावर नाव कोणाचं?

मराठी चित्रपट सुरू होण्याआधी पडद्यावर ज्या पाट्या येतात, त्या माझी मावशी एकही न चुकवता वाचते. मध्यंतरी आम्ही एका चित्रपटाला गेलो होतो. कथा, पटकथा, निर्मिती अशा तिन्ही पाट्यांवर नायकाचंच नाव आलं, तशी ती माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "अरे, काम तर हाच करतोय ना? मग लिहिलंयही यानंच, पैसेही यानंच घातलेत? बाहेर कुणी काम देईना की काय बिचाऱ्याला?"

तिला खरोखर काळजी वाटत होती. हा प्रश्न तिच्या एकटीचाही नाही. रितेश देशमुख, क्षिती जोग, जितेंद्र जोशी ही नावं निर्मितीच्या पाटीवर दिसतात. गिरीश कुलकर्णी, हेमंत ढोमे लिहितात आणि दिग्दर्शनही करतात. बघणाऱ्याला वाटतं, एक तर हाव असेल नाहीतर मिरवण्याची हौस. मध्यंतरात चहाच्या रांगेत मी मावशीला काही सांगायचा प्रयत्न केला, पण ते नीट जमलं नाही. म्हणून हे जरा सविस्तर.

रोजंदारी, बियाणं आणि सातबारा

चित्रपट म्हणजे एक शेत धरा. नट त्या शेतात राबतो आणि त्याची मजुरी घेऊन जातो. मजुरी दिवसाला हजाराची असो नाहीतर लाखाची, तिचा स्वभाव एकच: पीक जोमात आलं तरी तेवढीच, आणि करपलं तरी, ठरलेली असेल तर, तेवढीच. चाळीस दिवस चित्रीकरण केलं, डबिंग उरकलं, प्रसिद्धीसाठी चार शहरं फिरला, की त्याचा हिशेब संपला. पुढची वीस वर्षं तो चित्रपट दर दिवाळीला टीव्हीवर लागला, तरी मानधन वाढत नाही.

लेखक बियाणं देतो. ते नसेल तर बाकी सगळ्यांना काही कामच नाही.

निर्माता म्हणजे ज्याचं नाव सातबाऱ्यावर आहे तो. ही माझी अलंकारिक भाषा वाटेल, पण कायदाही जवळपास हेच म्हणतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात निर्मात्याची व्याख्या आहे: कलाकृती घडवण्यासाठी पुढाकार आणि जबाबदारी घेणारी व्यक्ती. त्या व्याख्येत पैशाचा शब्दही नाही. त्याहून आश्चर्याची गोष्ट अशी, की चित्रपटाचा कर्ता कोण, तर याच कायद्यानुसार तोही निर्माताच. आपण 'अमुक दिग्दर्शकाचा चित्रपट' म्हणतो. कायदा म्हणत नाही. आणि ही मालकी चित्रपट प्रसिद्ध झाल्यानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं टिकते.

मावशीच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथेच आहे. बाहेर भरपूर काम असलेल्या नटालाही एक दिवस लक्षात येतं, की आपण जन्मभर दुसऱ्याच्या रानात राबतोय.

निर्माता म्हणजे पैशाची थैली नव्हे

लग्नघरात एक कर्ता माणूस असतो. पैसे कदाचित आजोबांचे असतात, थोडे काकांचे, थोडे पतपेढीचे. पण कार्यालय कोणतं, आचारी कोण, वऱ्हाडाची गाडी कुठे अडकली, आणि ऐन मुहूर्ताला पाऊस आला तर मांडवाचं काय, हे सगळं त्या एकाला विचारलं जातं. निर्माता म्हणजे तो माणूस.

कथेचे हक्क लेखी घ्यायचे. चित्रपटाच्या नावाची नोंदणी करायची. मराठीसाठी ती अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाकडे होते, निर्मात्यांच्या 'इम्पा' या संस्थेकडेही होते. खर्चाचा अंदाज बांधायचा, पैसा उभा करायचा, युनिट जमवायचं, गावच्या पारावर चित्रीकरण करायचं तर परवानगी काढायची, जनरेटर बंद पडला तर दुसरा आणायचा, सेन्सॉरचं प्रमाणपत्र मिळवायचं, आणि शेवटी वितरकाच्या दारात उभं राहायचं. वितरक म्हणजे चित्रपट थिएटरांपर्यंत पोचवणारा, आपल्या बाजारातला अडत्या समजा.

पाट्यांवर 'प्रस्तुतकर्ता', 'सहनिर्माता', 'कार्यकारी निर्माता' असंही लिहिलेलं असतं. प्रस्तुतकर्ता बहुधा आपलं नाव आणि बाजारातली पत देतो, सहनिर्माता वाटेकरी असतो, आणि कार्यकारी निर्माता रोजचा गाडा ओढतो. नटाचं नाव सहनिर्माता म्हणून दिसलं, तर पुष्कळदा त्यानं मानधन कमी घेऊन किंवा सोडून त्याबदल्यात वाटा घेतलेला असतो. रोख मजुरीऐवजी पिकातले चार पोते. यात त्यानं एक गोष्ट डोळ्यांत तेल घालून वाचायला हवी: करारातला 'निव्वळ नफा' हा शब्द. सगळे खर्च, व्याज, दलाली वजा करून उरेल तो निव्वळ नफा, आणि वजाबाकी करणारा हात दुसऱ्याचा असेल तर बऱ्याचदा काहीच उरत नाही.

नटानं लेखणी का हातात घ्यावी?

जगभर सांगितलं जाणारं उदाहरण सिल्व्हेस्टर स्टॅलोनचं आहे. १९७० च्या दशकाच्या मध्यात त्याच्याकडे धड काम नव्हतं, खिशात जेमतेम शंभर डॉलर होते. त्यानं एका मुष्टियोद्ध्याची गोष्ट लिहिली. पहिला खर्डा साडेतीन दिवसांत झाला. स्टुडिओनं पटकथेसाठी लाखो डॉलर देऊ केले, पण नायक म्हणून मोठा नट हवा होता. स्टॅलोननं अट घातली की पटकथा हवी तर नायक मीच. शेवटी साधारण १० लाख डॉलरमध्ये, म्हणजे हॉलिवूडच्या मानानं चिंचोक्यांत, १९७६ साली 'रॉकी' झाला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. स्टॅलोनला अभिनय आणि लेखन अशी दोन्ही नामांकनं होती.

या गोष्टीचा पुढचा भाग फारसा कुणी सांगत नाही, आणि मला तोच महत्त्वाचा वाटतो. 'रॉकी'ची मालकी स्टॅलोनकडे कधीच आली नाही. ती पात्रं त्यानं निर्माण केली, पुढचे भाग लिहिले, त्यातले काही दिग्दर्शितही केले. तरी हक्क निर्मात्यांकडेच राहिले. २०२२ साली, म्हणजे ४६ वर्षांनंतर, त्यानं याबद्दलची व्यथा जाहीरपणे मांडली. बियाणं त्याचं होतं, सातबारा दुसऱ्याचा. लेखन नटाला भूमिका मिळवून देऊ शकतं, मालकी देतंच असं नाही. या दोन वेगळ्या पायऱ्या आहेत आणि बातम्यांमध्ये त्यांची नेहमी गल्लत होते.

आपल्याकडे लेखनाची पायरी नटांना फार परकी नाही, याचं कारण माझ्या मते एकांकिका. पुण्याचा पुरुषोत्तम करंडक घ्या. १९६० च्या दशकापासून कॉलेजची मुलं तिथे एकांकिका करत आली आहेत. जो काम करतो तोच संहितेवर बसतो, तोच लेव्हल्स, म्हणजे रंगमंचावरचे लाकडी चौथरे, उचलतो आणि प्रकाशयोजनेसाठी वर्गणीही तोच गोळा करतो. 'मी फक्त नट' ही चैन तिथे कुणाला परवडतच नाही. त्या वयात संवाद तोंडात घोळवून बघायची सवय लागते: हे वाक्य कागदावर छान दिसतंय, पण जिभेवर अडतंय. नटाकडे हा कान असतो, आणि चांगल्या संवादांसाठी तो कान फार मोलाचा आहे.

गिरीश कुलकर्णी यांच्याकडे पाहिलं की हे पटतं. 'वळू' (२००८), 'विहीर', 'देऊळ' (२०११) हे तिन्ही उमेश कुलकर्णी यांनी दिग्दर्शित केलेले, आणि लेखनात गिरीश कुलकर्णी. 'देऊळ'मधला केशा त्यांनीच साकारला. ५९ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्या चित्रपटासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेता आणि सर्वोत्कृष्ट संवाद असे दोन्ही सन्मान मिळाले. गावातल्या माणसांचं ते बोलणं लिहिणारा हात आणि ते बोलणारं तोंड एकाच माणसाचं असणं, याचा फायदा पडद्यावर ऐकू येतो. पुढे 'जाऊंद्या ना बाळासाहेब' (२०१६) त्यांनी दिग्दर्शितही केला.

लेखकाच्या हक्काबद्दल एक गोष्ट इथेच सांगून ठेवतो. २०१२ साली आपल्या कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. राज्यसभेत जावेद अख्तर यांनी तिच्यासाठी जोर लावला होता. चित्रपटात वापरलेल्या शब्दांचा आणि सुरांचा थिएटरबाहेर जो वापर होतो, टीव्ही असो की ऑनलाइन, त्याच्या रॉयल्टीत मूळ कर्त्याला समान वाटा मिळायला हवा आणि तो निर्मात्याला लिहून देऊन टाकता येत नाही, असं ती दुरुस्ती सांगते. गीतकार-संगीतकारांना याचा लाभ आधी पोचला; पटकथाकारांची झगडाझगडी अजून चालू आहे.

स्वतःसाठीच भूमिका लिहायची, हा स्वार्थ नाही का?

थोडा आहे. पण भूमिका कोणाच्या वाट्याला कशा येतात, ते बघा. बाजारात जे चालतं तेच लिहिलं जातं. पंचेचाळिशीच्या अभिनेत्रीला आई, मावशी, सासू. गावाकडच्या चेहऱ्याला नायकाचा मित्र. काही नटांचं काम कधी थांबत नाही, पण त्यांच्या मनाजोगतं काम वर्षानुवर्षं येत नाही.

'झिम्मा' १९ नोव्हेंबर २०२१ ला लागला. राज्यातली थिएटरं कोरोनानंतर २२ ऑक्टोबरला उघडली होती, तीही निम्म्या खुर्च्यांवर. वेगवेगळ्या वयाच्या सात बायका परदेशात सहलीला जातात, एवढीच गोष्ट. इरावती कर्णिक यांचं लेखन, हेमंत ढोमे यांचं दिग्दर्शन, आणि त्या सातजणींपैकी एक असलेल्या क्षिती जोग निर्मात्याही होत्या. पडद्यावर नायक नावाचा प्राणी जवळपास नाही. मोठ्या नायकाच्या नावावर पैसे लावायची सवय असलेल्या बाजारात ही गोष्ट कुणाच्या टेबलावर किती दिवस पडून राहिली असती? बायका जथ्याजथ्यानं आल्या. माझी मावशी तिच्या भिशीच्या मैत्रिणींना घेऊन दोनदा गेली, आणि घरी आल्यावर त्या सगळ्यांनी पासपोर्ट कुठे काढतात याची चौकशी केली.

ही वाट नवी नाही. स्मिता तळवलकर दूरदर्शनवर बातम्या द्यायच्या, मग अभिनयात आल्या, आणि तिथून निर्मितीत. 'कळत नकळत' (१९८९) आणि 'तू तिथे मी' (१९९८) या त्यांच्या दोन निर्मितींना सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'चौकट राजा'त त्यांनी काम केलं, पण आज तो आठवतो दिलीप प्रभावळकरांच्या नंदूसाठी. निर्मातीनं मध्यवर्ती भूमिका दुसऱ्याच्या हाती दिली होती.

रितेश देशमुखचं उदाहरण तर स्वार्थाच्या आरोपाला थेट उत्तर आहे. मराठीत त्यानं पहिला चित्रपट निर्माण केला तो 'बालक-पालक', २०१३ च्या जानेवारीत, रवी जाधव यांच्या दिग्दर्शनात. त्यात तो स्वतः नव्हता. वयात येणाऱ्या मुलांच्या कुतूहलावरचा तो चित्रपट आहे. अभिनेता म्हणून तो मराठीत आला त्यानंतर, 'लय भारी'त (२०१४). आणि दिग्दर्शन केलं २०२२ च्या शेवटी, 'वेड'चं. आधी निर्मिती, मग अभिनय, मग दिग्दर्शन: लोक समजतात त्याच्या बरोबर उलटा क्रम.

तिकिटाच्या दोनशे रुपयांचं काय होतं?

'दहा कोटींचा गल्ला' अशी बातमी वाचली की आपल्या डोळ्यांसमोर निर्मात्याच्या घरी दहा कोटी पोचलेले दिसतात. ते तसं नसतं. एक काल्पनिक हिशेब करू.

तिकीट २०० रुपयांचं. १०० रुपयांवरच्या तिकिटाला १८ टक्के जीएसटी असतो, म्हणजे त्यातले साधारण साडेतीस रुपये करात जातात. उरले १६९. आता थिएटरवाल्याचा वाटा. २००९ साली निर्माते आणि मल्टिप्लेक्सवाले यांच्यात मोठं भांडण झालं होतं. दोन महिने नवे मोठे हिंदी चित्रपट लागलेच नाहीत. त्यानंतर जे ठरलं ते असं: पहिल्या आठवड्यात निर्माता-वितरकाच्या बाजूला ५० टक्के, दुसऱ्यात ४२.५, तिसऱ्यात ३७.५, पुढे ३०. हाच नमुना धरला तर पहिल्या आठवड्यातही हाती येतात सुमारे ८५ रुपये. त्यात वितरकाची दलाली १० टक्के धरू. राहिले ७६.

आता समजा चित्रपटाला ३ कोटी लागले आणि प्रसिद्धीला १ कोटी. चार कोटी वसूल व्हायला किती तिकिटं खपायला हवीत? सव्वापाच लाखांच्या आसपास. म्हणजे साडेदहा कोटींचा गल्ला झाला, तेव्हा कुठे निर्माता शून्यावर आला. आणि हे सगळे प्रेक्षक पहिल्याच आठवड्यात आले असं गृहीत धरून. ते तिसऱ्या आठवड्यात आले, तर प्रत्येक तिकिटामागे त्याला आणखी कमी मिळतं. पहिल्या तीन दिवसांत चित्रपट बघा अशी कळवळून विनंती नट का करतात, याचं कारण या आकड्यांत आहे. त्या विनंतीला मी आता कधी हसत नाही.

इतका धोका, मग तरी का?

कारण काही बाबतींत नटाला तो इतरांपेक्षा कमी पडतो. खर्चातली एक मोठी रक्कम असते मुख्य नटाचं मानधन; निर्माता तोच असेल तर ते पुढे ढकलता येतं. त्याच्या शब्दाखातर मित्र कमी पैशात येतात. त्याचा चेहरा असला की वाहिन्या आणि ओटीटी कंपन्यांशी बोलणं सोपं जातं. कोकणात मोहोर बघूनच आंब्याची बाग व्यापाऱ्याला देतात ना, तसे चित्रपटाचे टीव्हीचे, ऑनलाइनचे, गाण्यांचे हक्क कधी कधी आधीच विकले जातात. भाव थोडा कमी येतो, पण वादळाची भीती व्यापाऱ्याच्या डोक्यावर जाते. शिवाय राज्य सरकारचं अनुदान आहे: परीक्षणात 'अ' दर्जा मिळाला तर ४० लाख, 'ब' मिळाला तर ३० लाख. लहान मराठी चित्रपटासाठी हा फार मोठा टेकू आहे.

तरीही वादळ येतंच. भगवानदादा पालव यांनी १९५१ साली 'अलबेला' काढला. निर्माते, दिग्दर्शक, नायक सबकुछ तेच. चित्रपट तुफान चालला. पुढचे मात्र आपटले, आणि त्यात जुहूचा बंगला गेला, गाड्या गेल्या. अखेरचे दिवस त्यांनी दादरच्या चाळीत काढले. गणपतीच्या मिरवणुकीत अजूनही ज्या माणसासारखं आपण नाचतो, त्याची ही कहाणी आहे, आणि ती मला कधी सहज सांगता येत नाही. पगारी नटाचा चित्रपट पडला तर पुढच्या कामाची चिंता. निर्मात्या नटाचा पडला तर राहत्या घराची.

सगळं एकाच्याच हाती, मग 'नाही' कोण म्हणणार?

हा आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. नटाला आपला प्रत्येक प्रसंग आवडतो. लेखकही तोच, पैसेही त्याचेच. मग संकलनाच्या टेबलावर 'हे दहा मिनिटं काढा' असं कोण म्हणेल? असे लांबलेले, नायकाभोवतीच फिरत राहणारे चित्रपट आपण सगळ्यांनी सोसले आहेत. दुसरी भीती त्याहून गंभीर आहे. नावाजलेला नट लेखनाच्या पाटीवर आला की खरं लिहिणारं पोरगं खाली सरकतं, कधी पुसलंच जातं. नवलेखकांनी आपली संहिता कुणालाही ऐकवण्याआधी स्क्रीनरायटर्स असोसिएशन या पटकथाकारांच्या संघटनेकडे नोंदवून ठेवावी. तेवढी एक सवय पुष्कळ मनस्ताप वाचवते.

पण मालकी एकाकडे असली म्हणून सगळी कामं एकानंच करावीत असं कुठे आहे? दादा कोंडके हे नाव घेतलं की 'वन मॅन शो' आठवतो. त्यांचा स्वतःच्या निर्मितीतला पहिला चित्रपट 'सोंगाड्या', १९७१ चा. त्याचं लेखन मात्र वसंत सबनिसांचं होतं. 'विच्छा माझी पुरी करा' हे वगनाट्यही सबनिसांचंच, ज्यानं दादांना दादा बनवलं. दिग्दर्शन गोविंद कुलकर्णींचं. लोकांना काय हसवतं हे दादांना हजारो प्रयोगांतून कळलेलं होतं, आणि तरी पहिल्या डावाला त्यांनी दोन जाणत्या माणसांना सोबत घेतलं.

तो चित्रपट मुंबईत दाखवायलाही त्यांना झगडावं लागलं. दादरच्या कोहिनूरमध्ये त्याच्याऐवजी हिंदी चित्रपट लावायचं ठरलं, तेव्हा दादा बाळासाहेब ठाकरेंकडे गेले. शिवसैनिक थिएटरसमोर उभे राहिले आणि 'सोंगाड्या' लागला. पुढे त्यांच्या ओळीनं नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव केला, म्हणजे प्रत्येकी पंचवीस आठवडे मुक्काम, आणि त्याची नोंद गिनीज बुकात झाली.

मावशीला हे सगळं परवा सांगितलं. तिनं 'सोंगाड्या' लग्नाआधी भावाबरोबर पाहिला होता. "म्हणजे मग तो अजून दादांचाच?" तिनं विचारलं. दादा गेले १९९८ साली. पण हिशेब सोपा आहे: चित्रपट १९७१ चा, मोजणी १९७२ पासून, ६० वर्षं. २०३१ च्या ३१ डिसेंबरपर्यंत तो चित्रपट ज्यांच्याकडे हक्क आहेत त्यांच्याच परवानगीनं दाखवता येईल. ती बोटांवर वर्षं मोजत बसली.